शरदातली सोलापुरी चादर

शरद म्हणजे पानगळ ही समजूत आपण बाहेरून उचललेली आहे. सोलापुरात पाने गळतात ती शिशिरात. आश्विन-कार्तिकात मात्र रानात मालदांडी ज्वारी पोपटी रंगाने वर येत असते. इथे शरद ओळखू येतो तो दुपारच्या ऑक्टोबर हीटने आणि पहाटे पायांना अचानक जाणवणाऱ्या गारव्याने. त्या गारव्यासाठीच कोजागिरीच्या आधी पूर्व भागातल्या एका लहान दुकानातून 60 बाय 90 इंची सुती जेकार्ड, म्हणजे विणतानाच नक्षी उमटवलेली, चादर घेतली.

वीण घट्ट आहे. नक्षी छापलेली नसून आधी रंगवलेल्या सुताने विणलेली असल्यामुळे एका बाजूला जे लाल दिसते ते दुसऱ्या बाजूला पिवळे दिसते, आणि चादर दोन्हीकडून वापरता येते. छापील चादरीचा रंग गेला की नक्षीही जाते, हिची मात्र राहते. हे मी खात्रीने लिहितो, कारण आईने घेतलेली अशीच एक चादर घरात 25 वर्षे वापरात आहे. तिचा लाल रंग विटकरी झाला, काठ विरले, पण त्यावरचा मोर अजून मोरच दिसतो.

तिच्या शेजारी ठेवल्यावर नवी चादर खरखरीत वाटली. पहिल्या धुण्यात बादलीभर लाल पाणी निघाले, ही सूचना विकतानाच मिळायला हवी होती. तक्रार केल्यावर दुकानदार शांतपणे म्हणाले, ‘‘दोन पावसाळे जाऊ द्या, मग अंगाला लागेल.’’ उत्तर विक्रेत्याचे असले तरी चुकीचे नाही. हातमागावरची चादर मागितली, ती त्यांच्याकडे नव्हती. माल सगळा यंत्रमागाचा. आमचे आजोबा 1877 मध्ये सुरू झालेल्या इथल्या ‘जुनी मिल’ या कापड गिरणीच्या भोंग्यावर घड्याळ लावत असत. तो भोंगा मी कधी ऐकलेला नाही.

भाव रास्त, निवड मर्यादित, बांधून देण्यात घाई. तरीही मी तिथूनच पुन्हा घेईन.

जुनी चादर आता गोधडीत जाणार आहे. मोराचा भाग आत न घालता वर ठेवा, एवढे शिवणाऱ्या मावशींना सांगितले आहे.