शाहूपुरीच्या मूर्तिकाराकडून करून घेतलेला पॅलेलोडस

शाळेच्या प्रयोगशाळेसाठी पॅलेलोडस पक्ष्याचं मॉडेल हवं होतं. थ्रीडी प्रिंटवाल्यांचे दर परवडेनात, म्हणून कोल्हापुरात शाहूपुरीच्या कुंभार गल्लीतल्या एका मूर्तिकाराला काम दिलं. बैठकीसकट फायबरचा पक्षी, साडेचार हजार. काम झकास झालंय, दोन तक्रारी सोडून.

पॅलेलोडस हा फ्लेमिंगोच्या भावकीतला, नामशेष झालेला पक्षी. मध्य फ्रान्समधल्या सां-जेरां-ल-प्वी गावच्या चुनखडीत, सुमारे २ कोटी वर्षांपूर्वीच्या थरांत, त्याची भरपूर हाडं मिळाली. आल्फोंस मिल्न-एडवर्ड्स या फ्रेंच शास्त्रज्ञानं १८६३ मध्ये त्याला हे नाव दिलं. पुढं ऑस्ट्रेलिया, न्यूझीलंडमध्येही अवशेष सापडले. पाय लांब, पण चोच सरळ.

मूर्तिकार अडला तो चोचीवरच. मोबाईलवर भिगवणचे फ्लेमिंगो बघून त्यानं मस्त बाकदार चोच बसवली होती. मी कवटीचं रेखाचित्र पुढं ठेवलं.

"सर, असला पक्षी कधी बघितला नाही."

"कुणीच नाही बघितला," म्हटलं.

गड्यानं चोच कापली, सरळ केली. जोड शोधून सापडत नाही आणि जादा पैसेही मागितले नाहीत.

पायांचं काम तर नाद खुळा! या पक्ष्याचं नडगीखालचं हाड दोन्ही बाजूंनी चपटं, पाणडुबीच्या, म्हणजे टिबुकलीच्या हाडासारखं. त्यामुळंच तो नुसता चिखलात चालायचा की पोहायचाही, यावर अभ्यासकांत वाद आहेत. मूर्तिकारानं नेहमीची गोल सळई बाजूला ठेवून लोखंडी पट्टी वापरली, तीही धार पुढं करून. पोरं बोटांनी चाचपून बघतात. मग रंकाळ्यात बुड्या मारणारी टिबुकली ही आजच्या पक्ष्यांत फ्लेमिंगोची सगळ्यात जवळची नातलग, हे त्यांच्या गळी उतरवायला वेळ लागत नाही.

आता तक्रारी. हाडांवरून पिसांचा रंग कळत नाही, म्हणून साधा राखाडी सांगितला होता. तरी पंखांच्या टोकांना गुलाबी फवारा मारलाच. म्हणे उठाव येतो. त्यावर व्हार्निश इतकं की ट्यूबलाइटखाली डोळे दिपतात. चमक नको असेल तर आधीच कागदावर लिहून द्या.

आषाढापासून अनंत चतुर्दशीपर्यंत तिकडं फिरकू नका, फोनसुद्धा उचलत नाहीत. दिवाळीनंतर जा. जाताना गूगलचे फोटो नकोत, मापं घातलेली हाडांची चित्रं न्या.