व्हँगेलिसचं चित्रपटसंगीत: सहा महिने ऐकल्यावर

'बेस्ट ऑफ'च्या प्लेलिस्टवरून या ग्रीक संगीतकाराचा अंदाज बांधू नका. 'चॅरिअट्स ऑफ फायर'ची साडेतीन मिनिटांची शीर्षकधून सगळ्यांना पाठ असते, पण त्याच अल्बमच्या दुसऱ्या बाजूला वीस मिनिटांची सलग रचना आहे, ती निवांत ऐका. चित्रपट 1924 च्या ऑलिंपिकवरचा आणि वाद्य सिंथेसायझर, तरी कुठेच खटकत नाही. याच संगीताला 29 मार्च 1982 ला ऑस्कर मिळालं, नेमकं त्याच्या 39 व्या वाढदिवशी.

'ब्लेड रनर' या चित्रपटाचं संगीत घेताना मात्र आवृत्ती तपासाच. 1982 मध्ये चित्रपटाबरोबर आलेला अल्बम न्यू अमेरिकन ऑर्केस्ट्राने नव्याने वाजवलेला होता. व्हँगेलिसचा स्वतःचा अल्बम यायला 1994 उजाडलं. त्यात संवाद मिसळलेत आणि तुकडे एकमेकांत विरघळतात, त्यामुळे शफल बंद आणि गॅपलेस (दोन तुकड्यांमध्ये खंड न पडू देणारी सोय) चालू ठेवा, नाहीतर ऐन जोडावर खटका बसतो. त्यातली 'मेमरीज ऑफ ग्रीन' मुळात त्याच्याच 1980 च्या 'सी यू लेटर' अल्बममधली. पियानोमागे टुकटुकतं ते हातात धरून खेळायचं इलेक्ट्रॉनिक खेळणं आहे. लोकलच्या गोंगाटात ते ऐकूच येत नाही, त्याला कान पूर्ण झाकणारे हेडफोन हवेत.

खरी जादू यामाहाच्या सीएस-80 या सिंथेसायझरमध्ये आहे. एका वेळी आठ सूर, आणि पट्टी दाबून धरल्यावर बोटाचा जोर वाढवला की फक्त तोच सूर फुलतो, शेजारचे जागचे हलत नाहीत. वर बोट सरकवायची फीत आहे. पेटीवर जी मींड निघत नाही, ती इथे निघते. 'ब्लेड रनर ब्लूज'मध्ये एकेक सूर कसा चढतो आणि शेवटी किंचित घसरतो, तेवढंच दहा वेळा ऐका. हे वाद्य अवाढव्य जड, तापमान बदललं की सूर ढळणारं. तरीही लंडनच्या नेमो स्टुडिओत, नोटेशन न लिहिता, पडद्यावरचं चित्र बघत तो थेट वाजवायचा.

'मिसिंग' आणि 'द बाउंटी' या चित्रपटांच्या धुनांसाठी 1989 चा 'थीम्स' हा अल्बम घ्या. '1492' या चित्रपटातलं समूहगान पहिल्या आठवड्यात भारावून टाकतं, नंतर जड होतं. त्यातल्या शब्दांचा अर्थ शोधू नका, ती लॅटिनसारखी वाटणारी नुसती अक्षरं आहेत.

नवख्याने 1973 च्या 'लापोकालिप्स देझानिमो'पासून सुरुवात करावी. फ्रेदेरिक रोसिफच्या प्राण्यांवरच्या माहितीपट मालिकेचं हे संगीत. रात्री, आवाज कमी ठेवून.