फेसबुकवरच्या मैतेई क्रमशः कथा: जरूर वाचा, पण पूर्ण झालेली निवडून

लग्नानंतर मणिपूरला, इम्फाळला आले आणि इथली मैतेई भाषा कानांनीच शिकले. बोलते बऱ्यापैकी, पण मैतेई मयेक लिपी अजून अडखळत वाचते. सासूबाईंच्या शाळेच्या काळात मैतेई बंगाली लिपीत शिकवायचे. पुतणी मयेक शिकतेय. २०२३च्या जानेवारीपासून इथली वर्तमानपत्रंही मयेकमध्ये निघू लागली, तेव्हापासून सासूबाईंना पेपर पुतणीच वाचून दाखवते. फेसबुक पेजांवरच्या कथा मात्र बहुतेक रोमन लिपीत असतात, त्यामुळे रात्री वाचायचं काम माझ्याकडे. इमा (म्हणजे आई, सासूबाईंना मी तशीच हाक मारते) ऐकतात आणि माझे उच्चार सुधारतात.

सध्याची कथा याओशांगमध्ये, म्हणजे इथल्या होळीच्या सणात, सुरू होते. थाबल चोंगबाच्या, म्हणजे चांदण्यातल्या नाचाच्या, फेरात मुलगा मुलीचा हात धरतो, चौथ्या भागात दोघं पळून जातात. इथवर नेहमीचंच. पण पाचवा अख्खा भाग मुलीच्या घरात घडतो. मुलगी आपल्याकडे आहे हे सांगायला मुलाकडची वडीलधारी मंडळी आलेली. आई त्यांना बसायला देते आणि कुणाकडे न बघता चुलीवरून भात उतरवते. पुढे नुसते संवाद, पण आजी, काकू, शेजारीण, प्रत्येकीची बोलायची ढब वेगळी. मी रोज स्वयंपाकघरात ऐकते तीच भाषा. हा भाग इमांनी दोनदा वाचायला लावला.

त्रास आहेत. भागांना क्रमांक असतात, पण मागच्या भागाची लिंक क्वचितच देतात. पेजवर खाली खाली जाऊन शोधावं लागतं. रोमनमध्ये शब्द कोणत्या सुरात म्हणायचा ते कळत नाही आणि स्पेलिंगही लिहिणाऱ्यागणिक बदलतं, म्हणून नवशिक्यानं मोठ्यानं वाचावं. कथा उचलून लेखिकेचं नाव गाळणारी पेजंही आहेत, त्याचा मला फार राग येतो. फुकट लिहिणाऱ्या बाईला निदान नाव तरी मिळायला हवं!

मे २०२३ मध्ये हिंसाचार सुरू झाल्यावर मोबाइल इंटरनेट कित्येक महिने बंद होतं. आम्ही वाचत होतो ती एक कथा तेव्हा ऐन रंगात आली असताना थांबली, ती थांबलीच. त्या लेखिकेनं पुन्हा लिहावं असं मनापासून वाटतं.

पाचपैकी चार तारे. मैतेई ऐकून समजत असेल, तर शेवटचा भाग आलेली कथा शोधून सुरुवात करा. आणि कमेंटमध्ये नुसतं ‘पुढचा भाग कधी’ विचारू नका, काय आवडलं तेही लिहा. बऱ्याच लेखिका ते वाचून उत्तर देतात.