शेळ्यांसाठी घेतलेली क्षार चाटण वीट: उपयोग आणि मर्यादा
आमच्या उस्मानाबादी शेळ्यांचे काळे केस तांबूस पडू लागले होते आणि काही शेळ्या गोठ्याची भिंत व माती चाटत होत्या. पहिले लक्षण बहुधा तांब्याच्या, तर दुसरे स्फुरदाच्या (फॉस्फरसच्या) किंवा मिठाच्या कमतरतेचे असते, म्हणून पशुवैद्यकांना विचारून ही वीट गव्हाणीजवळ टांगली. वीट टणक आहे, पावसाळी हवेतही ती विरघळली नाही आणि माती चाटणे बऱ्यापैकी थांबले. वेष्टनावर तांबे, जस्त, कोबाल्ट व आयोडीन यांचे प्रमाण स्पष्ट छापलेले आहे, ही मोठी जमेची बाजू, कारण बाजारातील अनेक पांढऱ्या विटांत मिठापलीकडे फारसे काही नसते. अडचण अशी की, कळपातील दांडगी शेळी विटेपाशी इतरांना फिरकू देत नाही आणि गाभण शेळीच्या पोटात नेमके किती गेले हे कळत नाही. तिला खुराकातून मोजून खनिज मिश्रण देणेच बरे, कारण गाभणपणी तांबे कमी पडल्यास करडे मागच्या पायांनी लुळी जन्मू शकतात. मेंढ्या सोबत असतील, तर मात्र ही वीट घेऊच नये: शेळीला मानवणारे तांबे मेंढीला विषारी ठरू शकते.