न्यूमन्स ओन सॅलड ड्रेसिंग: बाटलीवरचा नट नुसता शोभेचा नाहीये

अमेरिकेत ग्रोसरीला गेलात की ड्रेसिंगच्या रॅकवर एका बाटलीवर चेहरा दिसतो तो हॉलिवूडचा नट पॉल न्यूमन याचा. इथे नवीन आलेल्या बऱ्याच जणांना वाटतं की कंपनीने कुठल्यातरी जुन्या नटाला पैसे देऊन त्याचं तोंड छापलंय. उलटं आहे, कंपनीच त्याने काढली, आणि स्वतःसाठी त्यातून काही घेतलं नाही.

आधी चव. मी बोलतेय ते त्यांच्या मूळच्या ऑलिव्ह ऑईल-व्हिनेगरवाल्या ड्रेसिंगबद्दल. आंबट आहे, लसूण लागतो, मागून मोहरीचा हलका झटका येतो, गोडसरपणा जवळजवळ नाहीच. मला हेच हवं असतं. रोमेन लेट्यूसची करकरीत पानं, काकडी, उकडलेले छोले, वरून हे दोन चमचे, झालं जेवण. ज्यांना दाट, क्रीमवालं आवडतं त्यांनी या बाटलीच्या वाटेला जाऊ नये, याच कंपनीचं रँच ड्रेसिंग मिळतं ते घ्यावं.

आता हा माणूस सॅलडच्या बाबतीत भलताच हट्टी होता. हॉटेलात तयार ड्रेसिंग घातलेलं सॅलड आलं तर ते उचलून बाथरूममध्ये नेऊन धुवायचा आणि टेबलावर तेल-व्हिनेगर मागवून स्वतः कालवायचा असा किस्सा सांगतात, आणि बाकीचं वाचल्यावर तो मला अगदी खरा वाटतो. 1980 च्या ख्रिसमसच्या आधी त्याने आणि त्याचा लेखक मित्र ए. ई. हॉचनर याने कनेटिकटमधल्या वेस्टपोर्टच्या घरी, तळघरात, टबभर ड्रेसिंग केलं, ढवळायला चक्क होडीचं वल्हं, आणि जुन्या वाइनच्या बाटल्यांत भरून शेजाऱ्यापाजाऱ्यांना वाटलं. लोक परत मागायला लागले, मग 1982 मध्ये कंपनी. नफा दिसल्यावर ठरवलं की सगळा वाटून टाकायचा. आजपर्यंत 60 कोटी डॉलरच्या वर दान गेलंय.

सिनेमाचं थोडं सांगायलाच हवं, नाहीतर नुसता दानशूर म्हातारा वाटेल. जन्म 1925, ओहायोत, वडलांचं खेळाच्या सामानाचं दुकान. दुसऱ्या महायुद्धात नेव्हीत पायलट व्हायचं होतं पण डोळे तपासले तर रंगांधळा निघाला. ज्याच्या निळ्या डोळ्यांवर पुढे अख्खी दुनिया फिदा झाली त्याला! पहिला सिनेमा 1954 चा, इतका वाईट वाटला त्याला की पुढे तो टीव्हीवर लागणार म्हटल्यावर पेपरात जाहिरात देऊन चक्क माफी मागितली. हल्लीचा एखादा हिरो असं करेल का, सोडा.

मग मात्र 'द हसलर' (1961) वगैरे एकापाठोपाठ, आणि ऑस्करला नामांकनावर नामांकन पण बक्षीस नाही. सहा वेळा बेस्ट ॲक्टरसाठी हुकलं. 1986 मध्ये अकादमीने मानद ऑस्कर दिलं, म्हणजे आता तुमचं झालं, घरी बसा अशा थाटात, आणि पुढच्याच वर्षी 'द कलर ऑफ मनी'साठी खरंखुरं मिळालं, तेही 'द हसलर'मधल्याच एडी या पूल (बिलियर्ड्ससारखा खेळ) खेळणाऱ्याच्या भूमिकेसाठी, पंचवीस वर्षांनी म्हातारा झालेल्या. तो समारंभाला गेलाच नव्हता. माझं मत विचाराल तर त्याचं सगळ्यात मोठं काम 'द व्हर्डिक्ट'मधला दारुडा वकील आहे, तिथे देखणेपणाची मदत एका सीनमध्येसुद्धा घेतलेली नाही. शिवाय गाड्यांच्या शर्यती वेगळ्याच, 1979 ला फ्रान्समधल्या ल मांच्या 24 तासांच्या शर्यतीत त्याची टीम दुसरी आली आणि 1995 ला सत्तर वर्षांचा असताना डेटोनाच्या 24 तासांच्या शर्यतीत त्याची टीम आपल्या गटात पहिली आली.

पैसा कुठे जातो हा प्रश्न लोक विचारतात आणि विचारायलाच हवा. सगळ्यात ओळखीचं काम म्हणजे 1988 मध्ये कनेटिकटच्या ॲशफर्डला सुरू केलेला कॅम्प, गंभीर आजार असलेल्या मुलांसाठी, एकदम फुकट. नाव 'होल इन द वॉल गँग', त्याच्याच 'बुच कॅसिडी' सिनेमातल्या टोळीवरून. न्यूमन 2008 मध्ये वारल्यावर कंपनी त्याच्या फाउंडेशनकडे आली आणि तिथे कायदा आडवा आला, कारण अमेरिकेत खासगी फाउंडेशनला अख्खा धंदा मालकीचा ठेवता येत नव्हता, साधारण 20 टक्क्यांवर अडायचं. शेवटी 2018 मध्ये काँग्रेसने, म्हणजे अमेरिकेच्या संसदेने, नियमात अपवाद केला तेव्हा कंपनी वाचली. सगळं गोडगोड आहे असंही नाही, 2022 मध्ये त्याच्या दोन मुलींनी वडलांची इच्छा नीट पाळली जात नाही म्हणून फाउंडेशनवर केस टाकली.

तर घ्यावं का? मी दानासाठी म्हणून घेत नाही, दान करायचं तर थेट करावं ना, चवीसाठी घेते आणि ती चव एका चोखंदळ खाणाऱ्याने ठरवलीय म्हणून टिकलीय. पाचात साडेचार, अर्धा कापला कारण आंबट सगळ्यांना झेपत नाही. मीठ सांभाळणाऱ्यांनी मागचं लेबल वाचून घ्या. आणि बाटली उघडायच्या आधी चांगली जोरात हलवा, तेल वर येऊन बसतं, नाहीतर पहिल्या सॅलडला नुसतं तेल आणि शेवटच्याला नुसतं व्हिनेगर.