हाताने कोरलेली दगडी नेमप्लेट: पैसे वसूल, पण पेशन्स हवा

घराच्या नावाची पाटी हाताने अक्षरं कोरणाऱ्या कारागिराकडून करून घेतली आणि आता मशीनच्या पाट्या बघवत नाहीत राव. त्यांनीच स्लेट सुचवली, दगडाचा कण बारीक त्यामुळे कडा एकदम शार्प येतात, ग्रॅनाइटवर एवढी नाजूक रेघ काढणं अवघड. आधी कागदावर अक्षरं, मग ती दगडावर उतरवायची, मग कार्बाइडच्या टोकाची छिन्नी आणि छोटी हातोडी, टकटक टकटक चालूच. सँडब्लास्टिंगमध्ये (मशीनने वाळूचा जोरदार मारा करून कोरणं) खाचेचा तळ सपाट राहतो, इथे खाच व्ही आकाराची, म्हणजे एक बाजू उजेडात एक सावलीत, रंग न भरताही लांबून वाचता येतं (ऊन तिरकं असेल तर बघायलाच नको). रोममध्ये सम्राट ट्राजनच्या स्तंभाच्या चौथऱ्यावर इ.स. 113 चा लेख आहे, तोही असाच व्ही खाचेचा, अजून वाचता येतो! आमच्या पाटीतला 'ळ' तर नुसता बोट फिरवत बसावा असा झालाय. मजकूर मात्र नीट तपासून द्या, ऱ्हस्व-दीर्घ चुकलं तर दगडात खोडरबर नाही. तक्रार एकच, काम कुठवर आलं विचारलं की मेसेजला उत्तरच नाही. गृहप्रवेशाची तारीख जवळ असेल तर यांच्या नादी लागू नका.