तिळारीच्या जंगलाला लागून असलेला होमस्टे : दोन रात्रींचा अनुभव

डिसेंबरात आम्ही चौघं सिंधुदुर्गात, गोव्याच्या हद्दीला लागून असलेल्या दोडामार्ग तालुक्यातल्या एका होमस्टेवर दोन रात्री राहून आलो. माणशी दिवसाला १८०० रुपये, त्यात जेवणखाण आणि सकाळची जंगलफेरी धरलेली. खोल्या साध्याच आहेत पण स्वच्छ. फोनवर गरम पाणी कधीही मिळेल म्हणाले होते, प्रत्यक्षात बंब फक्त सकाळी पेटतो, बरोबर लहान मुलं असतील तर हे आधी स्पष्ट सांगायला हवं होतं. जेवणाला मात्र तोड नाही, उकड्या तांदळाचा भात, कुळथाची पिठी, सोलकढी आणि सकाळी आंबोळ्यांबरोबर काळ्या वाटाण्याची उसळ.

पण खरे पैसे वसूल होतात ते जंगलफेरीत. घरमालक काका स्वतः पुढे चालतात. पहिल्याच सकाळी त्यांनी एक आडवा पडलेला भेडला माड (ताडामाडाच्या जातीचं रानटी झाड) दाखवला, खोड उभं चिरलेलं, आतला गाभा ओरबाडून खाल्लेला आणि शेजारी चोथ्याचा ढीग, हात लावला तर अजून ओला. "हत्ती गाभो खाता आणि बाकीचो टाकून जाता," काका म्हणाले. हे हत्ती २००२ च्या सुमारास कर्नाटकातून इकडे आले आणि तेव्हापासून केळी, माड, भातशेती सगळ्याचं नुकसान चालूच आहे. काकांची केळीची बाग दोनदा गेली, तरी माणूस हत्तीला शिव्या देत नाही, त्याची वाट आम्हीच मोडली म्हणतो.

ती वाट कशी मोडली ते पुढच्या चढावर दिसतं. डाव्या हाताला दाट रान, वेली, पाचोळा, पक्ष्यांचा गलका आणि उजव्या हाताला रबराच्या सरळ रांगा, प्रत्येक खोडाला चीक गोळा करायची वाटी बांधलेली. "ह्या रबराखाली गवत सुदा नाय, गवो चरतलो खय?" काकांच्या या प्रश्नावर आमच्यापैकी कुणाकडेच उत्तर नव्हतं.

मला सगळ्यात जास्त लागलं ते हे, की जंगल सलग आहे पण धोरणाचे तीन तुकडे आहेत. गोव्याकडे म्हादई अभयारण्य १९९९ पासून आहे, तिथे व्याघ्र प्रकल्प करा असं हायकोर्टाने २०२३ मध्ये सांगितलं तर गोवा सरकार सुप्रीम कोर्टात गेलं. आपल्याकडे २०२० मध्ये तिळारीचं २९.५३ चौरस किलोमीटर संवर्धन राखीव, म्हणजे वन्यजीवांसाठी राखलेलं सरकारी रान झालं, पण आजूबाजूचं बरंचसं रान खाजगी मालकीचं, तालुक्यात वृक्षतोडीवर २०१३ पासून कोर्टाची बंदी असूनही डोंगर उघडे पडलेले आम्ही डोळ्यांनी बघितले. पाण्यासाठी मात्र दोन राज्यं एकत्र बसू शकतात, १९९० च्या करारात तिळारी धरणाच्या खर्चाचा ७३.३० टक्के वाटा गोव्याने आणि २६.७० टक्के महाराष्ट्राने उचलायचं ठरलं. मग जे रान हे पाणी धरून ठेवतं ते राखणाऱ्याला त्या हिशोबात एक रुपया का नाही? रबराला जमीन दिली की हातात पैसे येतात, रान तसंच ठेवलं तर काहीच येत नाही. काकांनी आपली चार एकर राई अजून तोडलेली नाही आणि ती आता होमस्टेच्या कमाईवर टिकून आहे, म्हणून मला हे १८०० रुपये अजिबात जास्त वाटले नाहीत.

सुधारणा हवी ती एकच, फेरीला एका वेळी सहाच्या वर माणसं घेऊ नयेत. दुसऱ्या दिवशी आम्ही अकरा जण होतो, मागच्यांना काका काय सांगतायत ते ऐकूच येत नव्हतं.

जाणार असाल तर मळखाऊ रंगाचे कपडे घ्या, टॉर्च घ्या, रोख पैसे ठेवा कारण तिथे नेटवर्क नाही. आणि हत्ती जवळपास असल्याची खबर आली की काका फेरी रद्द करतात, तेव्हा हट्ट करू नका. आमच्या शेजारच्या खोलीतल्यांनी केला, काका जागचे हलले नाहीत, त्यांना अंगणात बसवून चहा दिला आणि फेरीचे पैसे परत केले.